अलास्का वाइल्डलाइफ कन्झर्व्हेशन सेंटर, पोर्टेज – अस्वलं बघाच, पण बायसनपाशी जास्त वेळ थांबा

अलास्काला जाणारे बरेच जण विचारतात म्हणून एकदाच सविस्तर लिहिते. अँकरेजहून सिवर्ड हायवेने साधारण तासाभरावर, टर्नअगेन आर्मची खाडी जिथे संपते तिथे हे सेंटर आहे. डोक्यात ताडोबाची सफारी ठेवून गेलात तर हिरमोड होईल कारण प्राणी कुंपणातच आहेत, फक्त कुंपणं भली मोठी आहेत, एकट्या अस्वलांनाच १८ एकर. आत दीड मैलाचा गोल रस्ता आहे, चाला नाहीतर स्वतःची गाडी हळूहळू फिरवा, त्यामुळे गुडघे दुखणाऱ्या आईबाबांना घेऊन जायला एकदम सोयीचं.

इथले बरेचसे प्राणी अनाथ नाहीतर जखमी होऊन आलेले आहेत. लोकं विचारतात मग बरे झाल्यावर सोडत का नाहीत? अहो, अस्वलाचं पिल्लू दोन-तीन वर्षं आईबरोबर राहून सगळं शिकतं, ते माणसाच्या हातचं खाऊन वाढलं की माणूस दिसला म्हणजे खायला मिळणार हे डोक्यात पक्कं बसतं, मग ते वस्तीत शिरणार आणि गोळी खाणार. म्हणून अलास्कात अशा पिल्लांना परत जंगलात सोडत नाहीत, अशी जागा मिळाली तर ठीक नाहीतर मारूनच टाकावं लागतं. जुन्नरजवळच्या माणिकडोहच्या बिबट निवारा केंद्राबद्दल ज्यांनी वाचलंय त्यांना हा तिढा नवीन नाही, तिथलेही कितीतरी बिबटे आता कायमचेच आहेत.

पण खरी गंमत वूड बायसनची (उत्तर अमेरिकेतला, आपल्या गव्याच्या नात्यातला भला मोठा रानबैल), आणि नेमकं तिथेच कोणी थांबत नाही!! सगळी गर्दी अस्वलांच्या उंच लाकडी पुलावर (फोटो तिथून मस्त येतात, मधे जाळी येत नाही, ते खरंय). हा बायसन अलास्कातून शंभरेक वर्षांपूर्वीच संपला होता. मग कॅनडातल्या एल्क आयलंड नॅशनल पार्कातून २००८ ला कळप आणला, इथे वाढवला, आणि २०१५ ला त्यातले १३० बायसन इनोको नदीच्या खोऱ्यात सोडले. तिकडे रस्ताच नाही म्हणून माद्या आणि लहानगे खास बनवलेल्या पेट्यांतून चक्क हर्क्युलिस या मालवाहू विमानाने शगेलुक गावाला नेले आणि मोठे नर नंतर बार्जवरून (सपाट तळाच्या मालवाहू बोटीवरून) नदीने गेले. म्हणजे परत जंगलात जायचं काम इथे झालंय ते या प्राण्याचं, आणि त्याच्यासमोरून लोक गाडीची काच पण खाली न करता निघून जातात!

जवळून बघाल तर वशिंड बघा, आपल्या गव्यासारखं पाठीवरून सलग चढत गेलेलं नाही, त्याचा सगळ्यात उंच भाग पुढच्या पायांच्याही पुढे येतो, त्यामुळे जनावर कायम पुढे झुकलंय असं वाटतं. पूर्ण वाढलेला नर ९०० किलोच्या आसपास जातो. मस्क ऑक्स (बर्फाळ प्रदेशातला केसाळ, बैलासारखा प्राणी) पण आहेत, अंगावरची लोकर जमिनीला टेकेल इतकी लांब.

बसने जायचं असेल तर आधी नीट विचारून घ्या. आमच्या ओळखीचे काका-काकू एका टूरवाल्याबरोबर गेले, त्याने इतका कमी वेळ दिला की अस्वलं आणि गिफ्ट शॉप यातच सगळं आटपलं, काकू अजून चिडलेल्या आहेत. गाडी भाड्याने घ्या, सरळ उपाय.

थंडीत अस्वलं झोपलेली असतात, तेव्हा त्यांच्यासाठीच जायचं असेल तर उन्हाळा बघा. वारा मात्र उन्हाळ्यातही भणाणतो, विंडचीटर हवाच. बाहेर रस्त्यालगत करड्या, वाळलेल्या झाडांचे उभे खुंट दिसतील, १९६४ च्या भूकंपात इथली जमीन खचली, खाडीचं खारं पाणी आत आलं आणि झाडं उभ्या उभ्या मेली, पोर्टेज गावही त्यातच गेलं. तिथे गाडी लावून बघण्यासारखं आहे. जेवायचं येताना-जाताना वाटेतल्या गर्डवूड गावात उरका, तिथे बरे पर्याय आहेत.