रेनेसास चिपचं यूएसबी कार्ड: विंडोज 7 वर अडकलेल्यांसाठी

आमचं रेडियम कटिंगचं दुकान. कटिंग प्लॉटर जुना, त्याचं सॉफ्टवेअर विंडोज 7 सोडून कशावर चालत नाही, वर डोंगल लागतं, म्हणजे यूएसबीत खोचायची ती किल्ली, जिच्याशिवाय सॉफ्टवेअर उघडत नाही. जुना पीसी बसला म्हणून इंटेलचा बी360 मदरबोर्ड आणि आय3-8100 प्रोसेसर घालून नवा असेंबल करून घेतला. विंडोज 7 चं विचारलं तर जोडणारा म्हणाला, "चालतंय की!" डीव्हीडीवरून विंडोज चढलंही. पण यूएसबी एकही चालेना. ना माऊस, ना डोंगल.

बोर्डात दोष काहीच नाही. विंडोज 7 आलं 2009 साली, त्यात यूएसबी 3.0 चा ड्रायव्हर, म्हणजे ते पोर्ट चालवणारं सॉफ्टवेअर, मुळातच नाही. पूर्वीच्या बोर्डांवर जुन्या यूएसबी 2.0 चा वेगळा कंट्रोलर (पोर्ट सांभाळणारा भाग) असायचा, त्यावर भागायचं. इंटेलने 100 सिरीजच्या चिपसेटपासून (बोर्डावरची मुख्य चिप; बी360 त्यानंतरची) तो काढून टाकला, आणि बी360 साठी विंडोज 7 चा ड्रायव्हर दिलाच नाही.

म्हणून मदरबोर्डावरच्या पीसीआय एक्सप्रेस स्लॉटमध्ये बसणारं हे चार यूएसबी पोर्टांचं कार्ड घेतलं. खोक्यावर काहीही छापलेलं असू दे, कार्डावरची काळी चिप वाचायची: माझ्यावर रेनेसास डी720201 आहे. हिचा विंडोज 7 चा ड्रायव्हर मिळतो, बाकी सगळी शोभा. ड्रायव्हरची सीडी सोबत येते. डीव्हीडी ड्राइव्ह साटाचा (थेट बोर्डाला जोडलेला) आणि कीबोर्ड गोल पिनचा पीएस/2, दोन्हींना यूएसबी लागत नाही, त्यामुळे निभावलं. माऊस नसताना टॅब आणि एंटर बडवत ड्रायव्हर टाकला. रीस्टार्ट केल्यावर डोंगलचा हिरवा दिवा लागला तेव्हा बायकोसुद्धा काउंटर सोडून बघायला आली.

कार्डाच्या मागच्या टोकाला पॉवरचा सॉकेट आहे, त्यात एसएमपीएसची (पीसीच्या पॉवर सप्लायची) वायर खोचायला विसरू नका. माझ्या कार्डाला ती नसेल तर विंडोजला कार्ड दिसतं, पण पोर्टात लावलेलं काही उठत नाही.

उणं काय? बायोसमध्ये (विंडोज सुरू होण्याआधीच्या सेटिंगमध्ये) या कार्डावरचा कीबोर्ड चालत नाही, तेव्हा पीएस/2 चा कीबोर्ड फेकू नका. एक्स1, म्हणजे सगळ्यात छोटा स्लॉट असल्याने चारही पोर्ट मिळून सेकंदाला 500 एमबीच्या आतच. प्लॉटरला त्याचं काय! पत्र्याची पट्टी मात्र अगदीच पातळ, पेनड्राइव्ह खोचताना कार्ड मागे सरकतं. स्क्रू घट्ट आवळा.

विंडोज 7 चे मोफत अपडेट जानेवारी 2020 मध्येच बंद झालेत. माझ्या पीसीला नेट जोडलेलं नाही, डिझाइन पेनड्राइव्हवरून येतात. ज्याला विंडोज 10 चालतं त्याने या भानगडीत पडूच नये. प्लॉटर, जुनी एम्ब्रॉयडरी मशीन असलं काही गळ्यात असेल तर मात्र डोळे झाकून घ्या. म्हणजे, चिप वाचून.