जाड गोंद की पातळ? वरून शिलाई मारायची असेल तर

कापडावर कापडाचीच अक्षरं किंवा नक्षी लावताना दोन्हींच्या मधे घालायचा, इस्त्रीने चिकटणारा गोंदाचा पापुद्रा जाड आणि पातळ अशा दोन्ही प्रकारांत कागद लावून मिळतो, आणि तो चिकटवायचा कसा हे तुम्हाला ठाऊक असेलच. प्रश्न येतो त्यावर कडेने मशीनची झिगझॅग शिलाई मारताना.

जाड गोंदाची पकड जबरदस्त. तो मुळात शिलाईशिवाय टिकावा म्हणूनच केलेला. उद्या कोल्हापूरच्या शाहू स्टेडियमवर फुटबॉलचा सामना आहे, आपल्या पेठेच्या संघाच्या झेंड्यावर रातोरात अक्षरं लावायची आहेत आणि मशीनवर बसायला वेळ नाही, तर जाडच बरा. फक्त चिकटवलेला भाग पुठ्ठ्यासारखा ताठ होतो, अक्षरं मोठी असली की झेंडा नीट लहरत नाही.

माझं मन फिरलं ते सुईमुळे. मशीन वेगात चाललं की सुई घासून तापते, गोंद मऊ होऊन तिला लागतो, नेढ्यापाशी साचतो. मग टाके सुटायला लागतात, वरचा दोरा चिरतो. आणि हे होतं नेमकं अक्षराच्या गोलाईवर, जिथे सगळ्यांची नजर जाते. उसवावं तर गोंदाला पडलेली भोकं तशीच राहतात. सुई स्पिरिटने पुसली, 14 ऐवजी जाड, 16 नंबरची लावली, मशीन सावकाश चालवलं. फरक पडतो, नाही असं नाही. पण हातभर शिवलं की थांबा, पुसा, पुन्हा शिवा, याने कामाची लयच जाते.

पातळ गोंद धरण्यापुरता धरतो. कडेने न शिवता धुतलंत तर कोपरे उचलणार, हे खरं. पण 14 नंबरची सुई त्यातून सहज जाते आणि कापड मऊ राहतं. वाकळीवर, म्हणजे गोधडीवर, इचलकरंजीच्या पॉपलीनची नक्षी लावली, तर अंगावर घेताना गोंद जाणवतही नाही. नक्षी मोठी असेल तर मी मधला गोंद कापून टाकतो, कडेला बोटभर पट्टी तेवढी ठेवतो. पातळ गोंदाला दोन गोष्टी मात्र सांभाळाव्या लागतात: नव्या कापडाची खळ आधी धुऊन काढायची, आणि आपल्याकडच्या पावसाळ्यात कापडावर अगोदर कोरडी इस्त्री फिरवायची. चिकटवल्यावर पूर्ण गार होईपर्यंत सुई लावू नका, गोंद कुठलाही असो.

तुमचं मशीन दणकट आणि हात सावकाश असेल, तर कदाचित जाडही जमेल. मी मात्र जिथे सुई चालणार तिथे पातळच वापरतो. दुकानात सुटा मिळाला तर आधी थोडाच घ्या, चिंधीवर एक गोलाई शिवून बघा.