घरी वापरायचं ड्रग टेस्ट किट: पोरासाठी ऑर्डर करायच्या आधी हे वाचा

दोन स्टार देतेय. किट खराब आहे म्हणून कमी दिले असं समजू नका, स्ट्रिप तिचं काम बऱ्यापैकी करते. पण आपण आईबाप, मावश्या, काका लोक रात्री घाबरून जे काम डोक्यात धरून हे ऑर्डर करतो ते काम या किटचं नाहीच, आणि बॉक्सवर 'आता खात्री करा' असं मोठ्ठं छापलेलं असलं की वाटतं पाच मिनिटांत काय ते कळेल. ब्रँडचं नाव मुद्दाम लिहीत नाही, कारण हे सगळ्याच ब्रँडना लागू आहे, आत तंत्र एकच असतं.

आत काय येतं ते आधी सांगते. झाकणाचा प्लास्टिकचा कप, कडेला पट्ट्या, कुठे पाच ड्रगच्या तर कुठे बारा, आणि बाहेरून तापमान दाखवणारी एक छोटी पट्टी. लघवी ताजी असेल तर ती साधारण ३२ ते ३८ डिग्रीच्या मधे दाखवते, खाली गेली तर नमुना जुना आहे किंवा काहीतरी मिसळलंय अशी शंका घ्यायची. रिझल्ट पाच मिनिटांनी वाचायचा, आणि पत्रकात दिलेली वेळ उलटून गेल्यावर दिसेल ते धरायचं नाही.

इथवर सोपं आहे, पण रेषा वाचताना लोक हमखास गडबडतात. प्रेग्नन्सी टेस्ट किंवा कोविडच्या किटमुळे आपल्या डोक्यात बसलंय की टी, म्हणजे टेस्ट, समोर रेष आली म्हणजे पॉझिटिव्ह, इथे बरोबर उलटं आहे, टी समोर रेष आली म्हणजे निगेटिव्ह आणि नाही आली म्हणजे पॉझिटिव्ह. कारण असं की पट्टीवर त्या ड्रगचा अंश आधीच चिकटवलेला असतो आणि रंगीत अँटिबॉडी त्याला जाऊन धरते तेव्हा रेष उमटते, लघवीतच ड्रग असेल तर अँटिबॉडी वाटेतच त्याला चिकटते मग रेषेपर्यंत पोचायला मोकळी राहत नाही. आणि रेष अगदी फिकट, डोळे बारीक करून दिसेल अशी आली तरी ती निगेटिव्हच धरायची, 'फिकट आहे म्हणजे थोडं घेतलं असेल' हे चुकीचं वाचन आहे. सी, म्हणजे कंट्रोल, समोरची रेष पट्टी चालतेय का ते दाखवते, ती आली नाही तर ती पट्टी बाद. हे सगळं पत्रकात आहे, पण इतक्या बारीक अक्षरात की आधीच हात थरथरत असलेल्या आईने ते वाचायचं कधी? कंपन्यांनी हे बॉक्सच्या झाकणावर छापायला पाहिजे, एक स्टार मी फक्त याच्यासाठी कापलाय, कारण उलटं वाचून पोराला चोर ठरवलं तर ते नातं दुरुस्त करायला किट उपयोगाचं नाही.

आता आमच्या घरचं सांगते. किट माझ्या बहिणीने मागवलं होतं, भाचा १७ वर्षांचा. रात्रभर जागा, सकाळी उठायचं नाव नाही, मार्क घसरलेले, जुने मित्र सुटलेले, सतत पैसे मागणं. तिने नेटवर लक्षणं वाचली आणि सगळी जुळली. (ती यादी अशी असते की या वयात नुसतं उदास असलेलं पोरही त्यात बसतं, हे कोणी सांगत नाही.) गांजाचा संशय होता. त्याला सांगून, त्याची परवानगी घेऊन टेस्ट केली, तो काही न बोलता बाथरूममधे गेला आणि कप आणून ठेवला. सगळ्या रेषा आल्या. सगळ्या निगेटिव्ह. बहीण रडली, भाऊजींनी त्याच्या पाठीवर थाप मारली आणि विषय संपला.

विषय संपला, हाच प्रॉब्लेम झाला. कारण पुढे काही आठवड्यांनी डॉक्टरांनी त्याला एकट्याला बसवून 'झोप कशी लागते' एवढंच विचारलं आणि त्याने सांगितलं की झोप यावी, डोक्यातले विचार थांबावेत म्हणून तो मित्राकडून ट्रामाडॉलच्या, म्हणजे जोरदार वेदनाशामक, गोळ्या घेतोय. टेस्ट केली त्या आठवड्यातही घेत होता. मग पट्टीत का नाही आलं? कारण ओपिएटची, म्हणजे अफूपासून येणाऱ्या ड्रगची, साधी पट्टी मॉर्फिन आणि त्याच्या जवळच्या गोष्टी ओळखते, म्हणजे हेरॉइन, कोडीन वगैरे. ट्रामाडॉल काम ओपिऑइडसारखं (अफूच्या ड्रगसारखा परिणाम करणाऱ्या सगळ्याच औषधांना ओपिऑइड म्हणतात) करतं पण त्याच्या रेणूची बांधणी वेगळी, अँटिबॉडी त्याला ओळखतच नाही, त्याची पट्टी वेगळी घ्यावी लागते. फेंटॅनिल या फार तीव्र ओपिऑइडचंही तेच. म्हणजे पत्रकावर 'ओपिएट' लिहिलंय म्हणून आपण गाफील राहतो आणि बाजारात सगळ्यात धोकादायक जे आहे तेच निसटतं.

निसटणाऱ्या गोष्टी खूप आहेत. व्हाइटनर, गोंद, थिनर, पेट्रोल यांचा वास घेणं कुठल्याही नेहमीच्या कपात येत नाही. एलएसडी नाही, नशेचे मशरूम नाहीत, स्पाइस किंवा के-टू नावाने विकला जाणारा केमिकल गांजा नाही, कारण त्यात टीएचसी, म्हणजे गांजातलं नशा आणणारं रसायन, नसतंच. केटामिन, प्रिगॅबालिन बहुतेक किटमधे नाहीत. निकोटिनचं व्हेप तर वेगळी पट्टी घेतल्याशिवाय दिसत नाही. दारू लघवीतून काही तासांत निघून जाते, शनिवारी रात्री प्यायलेलं सोमवारी कपात दिसणार नाही.

आणि जे पकडतं त्याचंही गणित वेगळंच आहे. गांजाची पट्टी सहसा ५० नॅनोग्रॅम प्रति मिलिलिटरवर सेट असते, त्याच्या खाली असेल तर निगेटिव्ह, मग घेतलेला असो वा नसो. गांजा चरबीत साठतो त्यामुळे एकदा ओढला तर दोन-तीन दिवस दिसतो आणि रोज ओढणाऱ्याने सोडल्यावरही महिनाभर किंवा जास्त दिसू शकतो. म्हणजे खरंच सोडलेला मुलगा तीन आठवड्यांनी पॉझिटिव्ह येणार आणि घरचे म्हणणार खोटं बोलतोस, आणि कोकेन किंवा अँफेटामाइन दोन-चार दिवसांत साफ होतं म्हणून वीकेंडला घेणारा गुरुवारी स्वच्छ दिसणार. पट्टीला 'कधी', 'किती', 'का' यातलं काही कळत नाही.

खोट्या पॉझिटिव्हचा त्रास वेगळाच. सर्दीच्या औषधातलं स्यूडोएफेड्रिन अँफेटामाइनच्या पट्टीत गडबड करतं, डिप्रेशनवर देतात ते ब्युप्रोपिऑनही करतं. लिव्होफ्लॉक्सासिन, ऑफ्लॉक्सासिनसारखी अँटिबायोटिक ओपिएटच्या पट्टीत गडबड करू शकतात. खोकल्याचं डेक्स्ट्रोमेथॉर्फन पीसीपी नावाच्या भ्रम आणणाऱ्या ड्रगच्या पट्टीत. खसखस खाल्ली तर लघवीत खरंच मॉर्फिन येतं, तिथे पट्टीची चूकही नाही. म्हणून पॉझिटिव्ह आलं की लॅबमधे मास स्पेक्ट्रोमेट्रीवाली कन्फर्मेशन टेस्ट करायची असते, तोपर्यंत त्याला संशय म्हणायचं, निकाल नाही. किती घरांत हे होत असेल? मला वाटतं फार कमी.

आता मला खरं बोलायचंय ते. समजा स्ट्रिप शंभर टक्के बरोबर निघाली. तरी काय कळलं? मानसोपचारात जे डीएसएम-५ मॅन्युअल वापरतात, २०१३ चं, त्यात नशेच्या आजाराचे ११ निकष आहेत. ठरवलं त्यापेक्षा जास्त घेणं, कमी करायचा प्रयत्न करून न जमणं, मिळवण्यात आणि उतरण्यात वेळ जाणं, तलफ येणं, शाळा-काम-घर कोलमडणं, त्यामुळे भांडणं होऊनही चालू ठेवणं, आवडीच्या गोष्टी सुटणं, धोक्याच्या ठिकाणी घेणं, त्रास कळत असूनही घेणं, जास्त डोस लागायला लागणं, बंद केल्यावर अंगाला त्रास होणं. वर्षभराच्या आत यातले दोन-तीन असले तर सौम्य, चार-पाच मध्यम, सहा किंवा वर गंभीर. या ११ मधला एकही निकष लघवीत दिसत नाही. प्रत्येक गोष्ट पोराच्या तोंडूनच कळते, किंवा त्याच्यासोबत राहून, आणि ज्या पोराच्या हातात आपण संशयाने कप दिला ते पोर तोंड उघडायच्या ऐवजी हुशारीने लपवायला शिकतं. लघवीत पाणी कसं घालायचं, कुठला पदार्थ टेस्टमधे येत नाही, हे सगळं त्यांना एका सर्चवर मिळतं.

अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने, अमेरिकन अकॅडमी ऑफ पेडिअॅट्रिक्सने, २००७ मधेच घरी अशा टेस्ट करण्याबद्दल स्पष्ट सावध केलंय, आणि त्यांची एक भीती हीच होती की मुलं गांजा सोडून टेस्टमधे न दिसणाऱ्या पण जास्त घातक गोष्टींकडे, जसं की वास घ्यायचे पदार्थ, वळतील. आणि वास घेण्याच्या नशेत पहिल्याच वेळी हृदय बंद पडून जीव जाऊ शकतो, त्या वाफांनी हृदय असं झालेलं असतं की अचानक दचकलं, धावलं तरी ठोका बिघडतो. म्हणून अशा अवस्थेत पोर सापडलं तर ओरडून अंगावर जाऊ नका, शांतपणे मोकळ्या हवेत न्या आणि मदत बोलवा. हे मी प्रत्येक पालकाला सांगतेय, किट घेवो न घेवो.

मग किटऐवजी काय? एक फुकटातली गोष्ट आहे, क्राफ्ट म्हणतात, बॉस्टनमधल्या मुलांच्या हॉस्पिटलमधे तयार झालेली सहा प्रश्नांची चाचणी, १२ ते २१ वयासाठी. नशेत असलेल्या कोणाच्या गाडीत कधी बसलायस का, मन शांत व्हावं किंवा चारचौघांत सामावून जावं म्हणून घेतोस का, एकटा असताना घेतोस का, घेतल्यावर केलेलं विसरतोस का, घरचे किंवा मित्र कमी कर म्हणतात का, त्यामुळे कधी अडचणीत आलायस का. दोन किंवा जास्त 'हो' आले तर नीट तपासणीची गरज आहे असं धरतात. हे प्रश्न डॉक्टर किंवा समुपदेशकाने पोराला एकट्याला, गुप्ततेचा शब्द देऊन विचारायचे असतात, आपण जेवताना चौकशी करायची असं नाही. पण नुसते वाचले तरी पालकाची नजर बदलते. बघा ना, दुसरा आणि तिसरा प्रश्न. एकटा आणि शांत व्हायला. माझा भाचा नेमका तिथे बसत होता आणि पट्टीने तर आम्हाला सगळं ठीक सांगितलेलं.

मला राग येतो तो याचा की आपण 'काय घेतलं' यावर इतका जीव टाकतो आणि 'कशासाठी' यावर काहीच नाही. काही मुलं कुतूहलाने एकदा घेतात आणि पुढे जातात. काहींना मित्रांमधे राहायचं असतं. आणि काही मुलांना आधीच भीती, उदासी, झोप न येणं, लक्ष न लागणं, घरातली मारहाण असं काहीतरी असतं आणि ती गोळी त्यांच्यासाठी औषध असते, चुकीचं पण लगेच लागू पडणारं. या वयात मेंदूतला मजेचा भाग जोरात असतो आणि आवर घालणारा पुढचा भाग पंचविशीपर्यंत पिकत असतो, त्यामुळे सवय लवकर धरते. गांजा करून बघणाऱ्या सगळ्यांत साधारण ९ टक्के लोक अवलंबून होतात असा अंदाज आहे, पण किशोरवयात सुरू करणाऱ्यांत तो सहातला एक इतका वर जातो. एवढं असूनही यात पोराची 'नियत' काढण्यासारखं काही नाही.

अजून एक, पॉझिटिव्ह आलं म्हणून खोलीत कोंडून 'आजपासून बंद' करू नका. झोपेच्या गोळ्या, म्हणजे बेंझोडायझेपिन, किंवा रोजची दारू अचानक तोडली तर फिट येऊ शकते, जीवही जाऊ शकतो. ओपिऑइडमधे धोका दुसरा आहे, काही दिवस बंद राहिलं की शरीराची सहनशक्ती उतरते आणि मग लपून जुनाच डोस घेतला तर श्वास थांबू शकतो. बाहुल्या टाचणीएवढ्या, ओठ निळसर, श्वास संथ, हलवून उठत नाही असं दिसलं तर अँब्युलन्स, कुशीवर झोपवा, नॅलोक्सोन (ओपिऑइडचा परिणाम उतरवणारं औषध) मिळत असेल तर द्या, आणि तिथे पोराने काय घेतलं हे डॉक्टरांना न लाजता सांगा. भाच्याच्या गोळ्या डॉक्टरांनी हळूहळू कमी केल्या, सोबत चिंतेचा इलाज सुरू केला. बरा आहे, मधे एकदा परत घेतली होती आणि त्याने स्वतः येऊन सांगितलं. ते त्याने सांगितलं याचं मला फार वाटतं.

दोन स्टार कशाचे, तर एक कोणाचा उपचार चालू असेल, त्याची स्वतःची तयारी असेल आणि डॉक्टरांनी सांगितलं असेल तर हे किट उपयोगी पडतं, काही मुलांना तर मित्रांना नाही म्हणायला 'घरी टेस्ट करतात' हे कारण बरं पडतं. दुसरा पट्टी वेळेत आणि स्पष्ट चालते त्याचा. घेणारच असाल तर एक्सपायरी बघा, पाकीट २ ते ३० डिग्रीत ठेवायचं असतं, गरम गाडीत पडलेलं वापरू नका, कुठली ड्रग्ज त्यात नाहीत ती यादी आधी वाचा, चालू असलेली सगळी औषधं लिहून ठेवा, कन्फर्मेशनची लॅब आधी शोधा. आणि पोराच्या नकळत त्याची लघवी गोळा करायचा विचार असेल तर कृपा करून किट घेऊच नका, त्याऐवजी डॉक्टरांची अपॉइंटमेंट घ्या आणि त्याला आत एकट्याला बोलू द्या.