पडद्याचे डॉक्टर पाच स्टार, त्यांचं रिसेप्शन दीड

नाशिकला फक्त रेटिनाचं म्हणजे डोळ्याच्या मागच्या पडद्याचं काम करणारं एक क्लिनिक आहे, तिथे गेले आठ महिने मी अण्णांना घेऊन जातेय, त्याचा हा रिव्ह्यू. नाव टाकत नाही कारण खाली रिसेप्शनबद्दल जे लिहिणारे ते त्या मॅडमनी वाचलं तर आम्हाला अजून दोन तास बसवतील, आणि पुढची तारीख पंधरा दिवसांवर आलीय.

आधी थोडं घरचं सांगते नाहीतर कळणार नाही. अण्णा एसटीत ३१ वर्षं ड्रायव्हर होते आणि नजरेचा त्यांना भारी अभिमान, "कसारा घाट धुक्यात उतरवलाय मी" हे वाक्य आठवड्यातून एकदा ऐकायला मिळतंच. शुगर आहे २० वर्षांपासून. मागच्या वर्षी पेपर धुरकट दिसतो म्हणून चष्मा बदलला, तीन महिन्यांत परत बदलला, दोन्ही वेळा दुकानदाराने नंबर काढून दिला आणि दोन्ही वेळा अण्णा म्हणाले काच चांगली नाही. नातेवाईक सगळे डॉक्टरच असतात आपल्याकडे, त्यांनी मोतीबिंदू ठरवून टाकला, पिकू दे मग काढू. मग एक दिवस दाढी करताना उजव्या डोळ्यात फेस गेला म्हणून तो मिटला आणि नुसत्या डाव्या डोळ्याने खिडकीकडे बघितलं, तर मला हाक मारून विचारतात, "गज कोणी वाकवले गं?" गज सरळच होते. एवढे महिने उजवा डोळा डाव्याची चूक झाकत होता आणि आम्हाला कोणालाच पत्ता नाही, कारण दुखत काही नाही, लाल काही नाही, पाणी काही नाही.

तर पहिली व्हिजिट. अपॉइंटमेंट साडेदहाची, डॉक्टरांनी बघितलं सव्वादोनला. हो, बरोबर वाचलंत. त्यात थोडा वेळ थेंबांचा जातो हे मान्य, बाहुली मोठी केल्याशिवाय मागचा पडदा नीट दिसत नाही, तीनतीनदा थेंब टाकतात, झोंबतात, आणि मग सगळा हॉल डोळे मिटून माना मागे टाकून बसलेला, हातात टिश्यू, जणू कीर्तनात सगळ्यांना एकदम डुलकी लागलीय. पण शुगरच्या पेशंटला जेवणाची वेळ उलटून बसवताय तर फोनवर "डबा घेऊन या" एवढं तरी सांगा ना. अण्णांचे हात थरथरायला लागले तेव्हा पलीकडच्या आजींनी पर्समधून पार्लेजी काढून दिलं. आणि थेंबांनंतर चार-पाच तास जवळचं वाचता येत नाही, उन्हात डोळे दिपतात, गाडी चालवायची नसते, हेही कोणी सांगितलं नव्हतं. काळा गॉगल आणि सोबत माणूस, दोन्ही घेऊन जा.

आता डॉक्टर. डॉक्टरांना मी पाच काय सहा स्टार देईन. ओसीटी म्हणून एक स्कॅन असतो, हात लावत नाहीत, हनुवटी टेकवून आतल्या हिरव्या खुणेकडे बघायचं, एका मिनिटात होतो आणि पडदा उभा कापल्यासारखा थर न् थर दिसतो. डॉक्टरांनी स्क्रीन अण्णांकडे फिरवली. आधी कोणाचातरी नॉर्मल फोटो दाखवला, मधोमध छोटीशी खळी असते, तिथूनच आपण वाचतो, सुईत दोरा ओवतो, माणसाचा चेहरा ओळखतो, त्याला मॅक्युला म्हणतात. मग अण्णांचा. खळीच्या जागी टेकडी, आणि टेकडीच्या पोटात काळी काळी भोकं, म्हणजे पाणी. साखरेने बारीक रक्तवाहिन्या कमकुवत होऊन पाझरतात आणि पडदा सुजतो. मध्यावर पडद्याची जाडी साधारण अडीचशे मायक्रॉनच्या आसपास पाहिजे, ती ४८७ झालेली. सूज आली की सरळ रेघ वाकडी दिसते, म्हणून गज.

मी विचारलं मोतीबिंदू काढला तर? डॉक्टर म्हणाले थोडा आहे पण त्रास त्याचा नाही, आणि पडदा म्हणजे कॅमेऱ्याची फिल्म असं समजावायला गेले तर अण्णा म्हणाले, "अहो साहेब फिल्म आता कुठे राहिली, मी सांगतो, पुढची काच कितीही पुसा, ड्रायव्हरच पेंगतोय." डॉक्टर इतके हसले की म्हणाले काका हे मी आता सगळ्या पेशंटना सांगणार. आणि खरंच पुढच्या वेळी बाहेर बसून आम्ही ते दाराआडून ऐकलं.

मग त्यांनी एक गोष्ट सांगितली ती मला अजून टोचते. टाइप दोनची शुगर निघाली की त्याच वर्षी थेंब टाकून पडदा तपासायचा आणि मग दरवर्षी, दिसत चांगलं असलं तरी. २० वर्षांत आमच्या घरच्या डॉक्टरांनी गोळ्या वाढवल्या, कमी केल्या, भात बंद केला, पण डोळे दाखवा असं एकदाही म्हणाले नाहीत. आणि आम्हीही विचारलं नाही, तेही खरंच.

इंजेक्शनबद्दल लिहिते कारण सगळ्यांना तीच भीती असते. डोळ्यात सुई! अण्णा दोन रात्री झोपले नाहीत. प्रत्यक्षात आधी बधिर करायचे थेंब, मग बीटाडीन, पापण्या मिटू नयेत म्हणून तारेचा चिमटा, आणि सुई पांढऱ्या भागातून, काम काही सेकंदांचं. अण्णांच्या मते सुई कळलीच नाही, नुसता दाब वाटला, बीटाडीनने मात्र संध्याकाळपर्यंत डोळ्यात वाळू गेल्यासारखं झालं. नंतर एकदा डोळ्यासमोर काळा गोल बुडबुडा तरंगत होता, आम्ही घाबरलो, तो औषधाबरोबर गेलेल्या हवेचा होता, दुसऱ्या दिवशी गेला. पहिल्या काही दिवसांत डोळा दुखायला लागला, लाल झाला आणि दिसायचं कमी झालं तर मात्र रात्री दोनला पण फोन करा, इन्फेक्शन असू शकतं, असं सांगून डॉक्टरांनी स्वतःचा नंबर दिला. आणि हो, आधी विचारतात हल्ली हार्ट अटॅक किंवा पॅरालिसिस झालाय का, लपवू नका.

औषधाचे प्रकार आहेत. अव्हास्टिन सगळ्यात स्वस्त, ते मुळात आतड्याच्या कॅन्सरचं औषध, डोळ्यासाठी त्याचे छोटे डोस करून वापरतात. मी नेटवर कॅन्सर वाचलं आणि हातपाय गळाले, डॉक्टरांनी शांतपणे सांगितलं की जगभर डोळ्यात वापरतात आणि काम तेच, नको त्या रक्तवाहिन्या वाढवणारा आणि पाझरवणारा सिग्नल अडवायचा. रॅनिबिझुमॅब खास डोळ्यासाठी बनवलेलं, त्याचं भारतात तयार होणारं व्हर्जन २०१५ पासून मिळतं म्हणून जरा परवडतं. अफ्लिबरसेप्ट अजून महाग. त्यांनी महागाचा आग्रह केला नाही हे मला फार आवडलं. आम्ही मधलं घेतलं, पाच झालीत आतापर्यंत, आधी महिन्याला एक आणि मग स्कॅन बघून अंतर वाढवत.

पैशांचं मात्र डोकं पिकलं. मेडिक्लेमवाल्यांनी पहिला क्लेम उडवला, म्हणे २४ तास ॲडमिट नव्हते. आयआरडीएआयच्या, म्हणजे विमा कंपन्यांवर देखरेख करणाऱ्या सरकारी संस्थेच्या, आधुनिक उपचारांच्या यादीत डोळ्यातलं हे इंजेक्शन आहे, कंपनी त्यावर लिमिट लावू शकते पण नुसतं ॲडमिट नव्हते म्हणून झटकता येत नाही, हे शेजारच्या खुर्चीवरच्या काकांनी सांगितलं, रिसेप्शनने नाही. डिस्चार्ज कार्डावर डे केअर प्रोसीजर लिहून घेण्यासाठी मी तीन चकरा मारल्या. शेवटी अर्धे आले.

उजव्या डोळ्यातही निघालंच. तिथे सूज नाही पण नवीन नाजूक रक्तवाहिन्या उगवायला लागल्या होत्या, त्यांतून रक्त सुटलं की एकदम डोळ्यापुढे जाळं. त्याला लेझर केलं, दोन सिटिंग. अण्णा म्हणाले वेल्डिंगच्या दुकानासमोर बसल्यासारखं वाटतं. लेझरने नजर सुधारत नाही, आहे ती टिकते, उलट अंधारात आणि कडेचं थोडं कमी दिसू शकतं, हे आधी स्पष्ट सांगितलं त्यामुळे नंतर भांडण नाही. त्याआधी हाताच्या शिरेतून पिवळा डाय सोडून फोटो काढले, आणि हे आधी सांगायचं काम ज्यांचं होतं त्यांनी सांगितलं नाही, की दिवसभर लघवी केशरी होते. घरी संध्याकाळी काय गोंधळ झाला असेल विचार करा.

वेटिंग हॉलमध्ये बाकी शाळा शिकले मी. पार्लेजीवाल्या आजींना वयामुळे होणारा मॅक्युलाचा आजार, ओला म्हणजे पाझरणारा प्रकार, त्यांना चौकटी-चौकटींचा कागद दिलाय, तो फ्रीजवर चिकटवून रोज एकेक डोळा झाकून बघायचा, रेघा वाकल्या की त्याच आठवड्यात यायचं. आजोबांची विडी आजींनी सांगून डॉक्टरांकडून बंद करवून घेतली, धूर पडद्यालाही नडतो म्हणे. एका मावशींचं बीपी वाढून पडद्याची शीर बंद पडली, रात्री झोपल्या तेव्हा ठीक आणि सकाळी एका डोळ्याने अंधुक. एक आयटीवाला मुलगा, मायनस नऊ नंबर, त्याला काजवे चमकायला लागले, मग डोळ्यापुढे माश्यांचा थवा, मग कडेने पडदा ओढल्यासारखी सावली. त्याने आठवडाभर स्क्रीनचा ताण म्हणून थेंब टाकले आणि तोवर रेटिना सुटला. ऑपरेशन करून आत गॅस भरलाय, दिवसभर मान खाली घालून झोपायचं आणि गॅस जाईपर्यंत विमान बंद. सावली दिसली की त्याच दिवशी, उद्या नाही, हे तो स्वतःच सगळ्यांना सांगत होता. आणि एकदा दुपट्यात गुंडाळलेलं एवढंसं बाळ आलं, सातव्या महिन्यात झालेलं, अशा बाळांचा पडदा जन्मापासून तीस दिवसांच्या आत बघायचा असतो. त्या आईला मात्र रिसेप्शनने लगेच आत सोडलं, म्हणून दीड स्टार, नाहीतर एकच देणार होते.

बाकी लिफ्ट चालू आहे, पार्किंग नाही, पिण्याचं पाणी आहे पण ग्लास नाही. स्कॅनवाला मुलगा फार चांगला, अण्णांना "साहेब जरा स्टेअरिंग सरळ" म्हणतो आणि ते लगेच मान सरळ धरतात.

डाव्या डोळ्याची सूज ४८७ वरून ३१२ वर आलीय. अक्षरांच्या तक्त्यावर नजर ६/३६ होती ती सुधारून ६/१८, पूर्वीसारखं होणार नाही हे डॉक्टरांनी पहिल्याच दिवशी सांगितलेलं. एचबीएवनसी, म्हणजे तीन महिन्यांची सरासरी शुगर, नऊच्या वर होतं, आता साडेसातवर आलंय, त्यासाठी घरात जे युद्ध झालं तो वेगळा विषय. परवा अण्णांनी उजवा डोळा झाकून परत खिडकी तपासली आणि म्हणाले सगळे गज सरळ, चौथा सोडून. मला धस्स झालं. जाऊन हात लावून बघितलं तर चौथा खरंच वाकडा आहे, मधल्या काळात पत्र्याची शेड करताना सुताराची शिडी लागली होती.