आजरा घनसाळ तांदूळ, कोल्हापूरच्या लक्ष्मीपुरी बाजारातला सुटा माल

आधी मूठभर तांदूळ तळहातावर पसरा. घनसाळचा दाणा आखूड, भरीव. मध्ये लांबट दाणे दिसले तर इंद्रायणी जातीचा तांदूळ मिसळल्याची शंका घ्यावी. वास इंद्रायणीलाही असतो, म्हणून नुसत्या नाकावर विसंबू नका.

या पोत्यातला माल जातीला खरा. तक्रार कणीची, म्हणजे तुटक्या दाण्यांची. भात उन्हात फार कडक वाळला की दाण्याला बारीक चिरा जातात आणि गिरणीत तो फुटतो. सावकाश वाळवून 13-14 टक्के ओलाव्यावर भरडला असता तर एवढा चुरा निघाला नसता. पॉलिशही गरजेपेक्षा जास्त. पांढराशुभ्र दिसतो खरा, पण वास कोंड्याबरोबर गेला.

भाव चढा आहे, त्यात दुकानदाराचाच दोष नाही. जुनी, उंच वाढणारी, उशिरा निसवणारी (लोंब्या धरणारी) जात, उतारा कमी. त्यात युरियाचा हात सैल सुटला की ताटं माजतात, परतीच्या पावसात पीक लोळतं आणि दाणा पोचट राहतो. 2016 साली भौगोलिक मानांकन मिळालं, तेव्हापासून नावावर खपणारा मालही वाढला.

शिजवताना नव्या तांदळाला वाटीला दोन वाट्या पाणी, जुन्याला सव्वादोन. चोळून धुवू नका. कुकरला दोन शिट्ट्या बास, तिसरीला गिचका होतो. तांबड्या रश्श्याखाली मऊ भात चालतो, बिर्याणीला मात्र हा तांदूळ नकोच.

एकदम पोतं उचलू नका, किलोभर घेऊन चाळून बघा.