मुकादमाच्या हजेरीला कामाच्या मापाची जोड
बांधकाम ठेकेदारांसाठीचे हे हजेरी-अ‍ॅप घेण्याजोगे आहे, ते मुख्यतः एकाच कारणासाठी: मजुरांचे तास आणि झालेल्या कामाचे माप ते एकाच ओळीत मांडते. दोन गवंडी व तीन बिगारी यांनी आठ तासांत २.५ घनमीटर वीटकाम केले, तर ४० मनुष्यतासांना २.५ ने भागून घनमीटरमागे १६ तास हा दर लगेच दिसतो. दुसऱ्या दिवशी तोच २० वर गेला, तर मजुरांचा दिवसाचा रोज तेवढाच असूनही घनमीटरमागे मजुरी सव्वापट पडली, हे बिल निघण्याआधीच कळते. उत्पादकता रुपयांऐवजी तासांत मोजणे मला अधिक योग्य वाटते, कारण गावागणिक रोज बदलला तरी दोन साइटांची तुलना बिघडत नाही.

मोठी उणीव अशी की, परांची बांधण्यात किंवा विटांची वाट पाहण्यात गेलेल्या तासांसाठी वेगळा रकानाच नाही, त्यामुळे साहित्य उशिरा पाठवणाऱ्याचा दोष गवंड्याच्या माथी येतो. तळमजला आणि चौथा मजला यांची सरासरीही एकत्रच निघते, जी कोणताही मुकादम मान्य करणार नाही. बंगल्याएवढ्या कामाला अ‍ॅप पुरेसे आहे. बहुमजली इमारतीसाठी मात्र नीट आखलेली एक्सेल शीटच बरी.