मोठ्या संख्यांच्या वजाबाकीची वर्कबुक, दीड महिना वापरून झाल्यावर

रत्नागिरीच्या बाजारातल्या स्टेशनरीवाल्याकडून मे महिन्यात लेकीसाठी वजाबाकीच्या शाब्दिक उदाहरणांची वर्कबुक आणली, 64 पानं, 120 रुपये, स्कॉलरशिपची तयारी म्हणून. नाव लिहीत नाही कारण एक तक्रार पण आहे, ती खाली सांगते. पण ज्यांची पोरं पाचवीत आहेत नि लाखाच्या संख्या दिसल्या की पेन्सिल खाली ठेवतात त्यांनी वाचा.

आमच्या पोरीचा प्रॉब्लेम असा की नुसती मांडलेली वजाबाकी दिली तर करायची, पण तीच गोष्टीत घालून विचारली की गडबड. 'एकूण' शब्द दिसला की सरळ बेरीज! 'सहलीसाठी एकूण 4,50,000 रुपये जमले, 3,86,250 खर्च झाले' यात पण तिने बेरीज करून ठेवलेली. या पुस्तकात प्रत्येक उदाहरणाखाली आधी तीन चौकोन भरायचे असतात, होते किती, गेले किती, विचारलंय काय, नि ते भरल्याशिवाय पुढे आकडेमोडीला जागाच ठेवलेली नाही. मला आधी वाटलं हा नुसता टाइमपास आहे, पण चौथ्या-पाचव्या दिवसापासून ती 'एकूण'ला फसायची थांबली. आता तिने 63,750 उत्तर काढलं नि वर स्वतःच म्हणाली, आई हे उरलेले आहेत ना, म्हणून जमलेल्यापेक्षा कमी आलेत.

सगळ्यात आवडलेला भाग म्हणजे बजेटचा. त्यात नुसतं किती उरले एवढंच नाही, किती जास्त गेले, अजून किती लागतील असे तिन्ही प्रकार मिसळून दिलेत. एक उदाहरण होतं, बजेट 3,25,000 नि खर्च 3,41,780, तर खर्च किती जास्त झाला. पोरीने बजेट वर लिहिलं, खर्च खाली, नि जिथे वरचा अंक लहान तिथे उलटं खालच्यातून वरचा वजा करत गेली, उत्तर 24,780. बघायला अगदी बरोबर वाटतं, म्हणूनच ही चूक सहज लक्षात येत नाही. बरोबर उत्तर 16,780. पुस्तकात पुढच्याच पानावर हीच चूक सोडवून दाखवलीय नि मोठी संख्या कुठली ते आधी ओळखायला सांगितलंय. ज्या कोणी हे पुस्तक लिहिलं त्यांनी नक्की वर्गात पोरांसमोर उभं राहून शिकवलेलं असणार.

आता तक्रार. मागच्या उत्तरांच्या पानावर 5,00,000 वजा 2,37,465 चं उत्तर 2,63,535 छापलंय. पोरगी रडकुंडीला आली, तिचं उत्तर 2,62,535 येत होतं नि पुस्तक चूक कसं असेल म्हणून तीनदा खोडून परत केलं, कागद फाटायला आला. शेवटी सासरे उठून आले, त्यांची आयुष्यभर आंब्याच्या पेट्यांच्या हिशोबाची वही, ते म्हणाले, "गो बाय, खोडू नको, उलट बेरीज कर." पुस्तकातल्या उत्तरात 2,37,465 मिळवले तर 5,01,000 आले, तिच्या उत्तरात मिळवले तर बरोब्बर पाच लाख. नंतर त्यांनी तिला एक युक्ती पण शिकवली जी पुस्तकात असायला हवी होती, वरून एक काढ, खालून पण एक काढ, मग 4,99,999 वजा 2,37,464, उसनं घ्यायचंच नाही कुठे नि फरक तोच. शून्यं ओळीने आली की पोरं हजाराकडून दशहजाराकडे, तिथून लाखाकडे जाताना कुठेतरी नऊ लिहायला विसरतात, त्यांना हे फार सोपं जातं.

दुसरं म्हणजे काही पानांवर स्वल्पविराम 500,000 असा छापलाय. शाळेत 5,00,000 शिकवायचं नि इथे वेगळं, त्यामुळे पोरगी ते पाचशे हजार वाचत होती. मराठी माध्यमासाठी छापताय तर एवढं बघायलाच पाहिजे.

इथलं उदाहरण पुस्तकात एकही नाही म्हणून मी दोन स्वतः घातली. आपल्या रत्नागिरी जिल्ह्याची लोकसंख्या 2001 च्या जनगणनेत 16,96,777 होती, 2011 ला 16,15,069 झाली, किती कमी झाली? 81,708. ती विचारते, एवढी माणसं गेली कुठे? मी आमच्या वाडीतली बंद घरं मोजायला लावली, अर्धी मुंबईत. मग दुसरं दिलं, 2011 ला बायका 8,53,948 नि पुरुष 7,61,121, फरक काढ. 92,827 आला तेव्हा ती वहीकडे बराच वेळ बघत बसली, तिचे बाबा पण नोकरीला मुंबईलाच असतात.

पाचपैकी चार स्टार, एक कापला तो उत्तरांच्या पानासाठी. घेतलीत तर सोबत चौकटीची वही घ्या, एकका खाली एकक, दशका खाली दशक येतं नि निम्म्या चुका तिथेच जातात. नि उत्तरांचं पान मुलांना देण्याआधी स्वतः एकदा उलट बेरीज करून तपासा, मला अजून दोन चुका सापडल्यात, पान 41 नि 58 वर.